पाच कडव्यांची कविता आणि चाळीस पुस्तकांची यादी

वाचकाचं पत्र: मी नांदेड जिल्ह्यातल्या एका महाविद्यालयात इंग्रजी घेऊन एम.ए.च्या दुसऱ्या वर्षाला आहे. बारावीपर्यंत मराठी माध्यम. अमेरिकन साहित्याच्या पेपरबरोबर प्रकल्प आहे, विषय ‘एमिली डिकिन्सनच्या कवितेतला मृत्यू’. तिची ‘बिकॉज आय कुड नॉट स्टॉप फॉर डेथ’ ही कविता माझ्या गाइडमध्ये ‘द चॅरिअट’ या नावाने आहे, पाच कडव्यांची. वर्गात मिळालेल्या झेरॉक्समध्ये सहा कडवी आहेत, नाव नाही, नुसता 712 आकडा. मैत्रिणीच्या पुस्तकात तीच कविता 479. सरांना विचारलं तर म्हणाले, ‘संदर्भग्रंथ बघा.’ एका सीनियरने चाळीस पुस्तकांची यादी दिली आहे. माझ्याकडे 3,000 रुपये आहेत. त्यातली कोणती घेऊ? जुन्या आवृत्त्या चालतात का? मराठी अनुवाद वाचले तर चालतील का? — क.

उत्तर: क., ती यादी सध्या बाजूला ठेवा. चाळीस पुस्तकं एका प्रकल्पासाठी कुणीच वाचत नाही, यादी देणाऱ्यानेही वाचलेली नसणार. तुमच्या पत्रातला खरा प्रश्न पाच कडवी, सहा कडवी आणि दोन आकड्यांचा आहे. तो सुटला की कोणतं पुस्तक कशासाठी उघडायचं हेही बरंचसं कळेल.

डिकिन्सन 1886 साली गेली. हयातीत तिच्या दहाएक कविता छापल्या गेल्या, त्याही निनावी. बाकी सगळं हस्तलिखितात होतं. त्यातला बराच भाग तिने स्वतः दोऱ्याने शिवलेल्या छोट्या वह्यांमध्ये ठेवला होता. 1890 साली मेबल लूमिस टॉड आणि थॉमस वेंटवर्थ हिगिन्सन यांनी पहिला संग्रह काढला. त्यांना त्या काळच्या वाचकाच्या गळी ही कविता उतरवायची होती, म्हणून त्यांनी हात फिरवला. तिची लांब आडवी रेघ काढून स्वल्पविराम घातले, मध्येच येणारी मोठी अक्षरं लहान केली आणि नावं दिली. ‘द चॅरिअट’ हे नाव त्यांचं. तिने या कवितेला नाव दिलेलंच नाही. आणि चौथं कडवं त्यांनी सरळ गाळलं. तुमच्या गाइडमधली पाच कडव्यांची कविता ती हीच.

1955 साली थॉमस जॉन्सन यांनी हस्तलिखितांवरून सगळ्या कविता पाठभेदांसह तीन खंडांत छापल्या आणि अंदाजे कालक्रमाने 1 ते 1775 असे क्रमांक दिले. 712 तिथला. 1998 साली आर. डब्ल्यू. फ्रँकलिन यांनी हस्ताक्षर, कागद आणि वह्यांची मूळ जुळणी पुन्हा तपासून नवी आवृत्ती केली. कविता झाल्या 1789 आणि क्रम बदलला. 479 तिथला. अभ्यासक पहिल्याला ‘जे’ आणि दुसऱ्याला ‘एफआर’ असं आद्याक्षर लावून आकडा लिहितात. म्हणजे तुमच्यासमोरच्या तिन्ही कविता एकच आहेत. फक्त संपादनं तीन आहेत आणि पहिल्या व शेवटच्या संपादनात एक शतक गेलं आहे.

आता पाच कडव्यांची प्रत मोकळ्या संकेतस्थळांवर आणि स्वस्त पुस्तकांत इतकी का दिसते? कारण साधं आहे. 1890च्या संग्रहावर कुणाचा हक्क उरलेला नाही, तो कुणीही छापावा. जॉन्सन आणि फ्रँकलिन यांच्या संहितांचे हक्क हार्वर्डकडे आहेत. गाइड छापणारा फुकटातली प्रत उचलतो. ‘प्रोजेक्ट गुटेनबर्ग’वरही तुम्हाला 1890 च्या दशकातले संग्रहच मिळतील. ते बनावट नाहीत, त्या काळी डिकिन्सन कशी वाचली गेली हे दाखवायला उत्तम आहेत. पण तिच्या शब्दांवर, रेघांवर, यमकांवर एक वाक्यही त्यांच्या आधाराने लिहू नका.

का लिहू नये हे याच कवितेत बघा. शेवटून दुसऱ्या कडव्यात रथ एका घरापुढे थांबतो. घर कसलं, जमिनीचा उंचवटा, म्हणजे थडगं. हस्तलिखितात दुसरी ओळ ‘ग्राउंड’ शब्दावर संपते आणि चौथीही ‘ग्राउंड’वरच. यमकाच्या जागी तोच शब्द पुन्हा. टॉड–हिगिन्सनना ही चूक वाटली असावी. त्यांनी चौथी ओळ ‘द कॉर्निस बट अ माउंड’ अशी करून यमक जुळवून दिलं. वाचायला गोड झालं, पण सगळं येऊन जमिनीतच संपतं हा जो ठोका तिने दोनदा दिला होता, तो गेला. तिसऱ्या कडव्यात मुलं मधल्या सुट्टीत गोल करून चढाओढीने खेळतात. ते ‘ॲट रिसेस – इन द रिंग’ बदलून त्यांनी धडा नुकताच संपल्याचं लिहिलं. आणि गाळलेलं चौथं कडवं तर तुमच्या विषयाचा कणा आहे. तिसऱ्या कडव्याच्या शेवटी ‘आपण मावळत्या सूर्याला मागे टाकलं’ असं म्हणणारी निवेदक चौथ्याच्या सुरुवातीला स्वतःला दुरुस्त करते: किंवा खरं तर त्यानेच आपल्याला मागे टाकलं. मग दव पडतं, अंगाला कापरं भरतं, कारण अंगावर फक्त झिरझिरीत कपडे आहेत. हे कडवं काढलं की कविता एक सुखद फेरफटका होते. ते ठेवलं की थंडी वाजते. मृत्यूवरच्या प्रकल्पात यातली कोणती कविता तुमच्यासमोर आहे, यावर निष्कर्ष ठरेल.

समीक्षकही यातून सुटलेले नाहीत. ॲलन टेट यांनी 1932 साली या कवितेची फार मोठी वाखाणणी केली. तो परिच्छेद आजही गाइडांमधून फिरतो. पण जॉन्सनची आवृत्ती यायला तेव्हा 23 वर्षं होती, टेट यांच्यापुढे पाच कडव्यांचीच कविता होती. त्यांचं अवतरण सहा कडव्यांच्या कवितेशेजारी ठेवलंत, तर त्यांनी न वाचलेल्या कडव्याची स्तुती तुम्ही त्यांच्या तोंडी घालाल.

याहून प्रसिद्ध फजिती एफ. ओ. मॅथिसन यांची. त्यांचा 1941चा ‘अमेरिकन रेनेसाँ’ हा या क्षेत्रातला मोठा ग्रंथ, तुमच्या यादीत असणारच. त्यात त्यांनी मेलविलच्या ‘व्हाइट-जॅकेट’ कादंबरीतल्या ‘सॉइल्ड फिश’, म्हणजे मळलेल्या माशाच्या, प्रतिमेचं बारीक विश्लेषण केलं. मेलविलने लिहिलं होतं ‘कॉइल्ड’, वेटोळं घातलेला. ‘सॉइल्ड’ ही त्यांनी वापरलेल्या आवृत्तीतली छापण्याची चूक होती. 1949 साली एका अभ्यासकाने ती दाखवून दिली. ग्रंथ त्यामुळे टाकाऊ झाला नाही, पण तो परिच्छेद आजवर धडा म्हणून सांगितला जातो.

म्हणून पहिला खर्च मूळ संहितेवर करा. डिकिन्सनसाठी फ्रँकलिन यांची एका खंडातली वाचन-आवृत्ती (1999) मिळाली तर ती घ्या. नाही मिळाली तर जॉन्सन यांची एका खंडातली (1960) जुन्या पुस्तकांच्या दुकानात बहुधा कमी पैशांत मिळते. पदव्युत्तर प्रकल्पाला तीही पुरते. मात्र घेताना मुखपृष्ठावरच्या ‘कंप्लीट पोएम्स’ या शब्दांवर जाऊ नका. त्याच नावाने 1890च्या संग्रहांचे पुनर्मुद्रण सर्रास विकलं जातं. आत उघडून कुठलीही कविता बघा: आडव्या रेघा आहेत का, आकडे आहेत का, संपादकाचं नाव आहे का. कवितांना ‘द चॅरिअट’सारखी नावं दिसली तर पुस्तक परत ठेवा. शंका आली तर ‘एमिली डिकिन्सन आर्काइव्ह’ या मोफत संकेतस्थळावर हस्तलिखिताचं छायाचित्र आणि शेजारी वेगवेगळे छापील पाठ बघता येतात. 2013 पासून ते सुरू आहे. प्रकल्पात एका कवितेचं हस्तलिखित स्वतः पाहून दोन ओळी लिहिल्यात, तर परीक्षकाला ते लगेच जाणवेल.

यानंतर शब्द. मराठी माध्यमातून आलेल्या विद्यार्थ्याला समीक्षेआधी शब्दकोशाची गरज असते आणि ते मान्य करायला लाज वाटायचं कारण नाही. गाळलेल्या कडव्यात ‘गॉसमर’, ‘टिपेट’ आणि ‘ट्यूल’ हे तीन शब्द आहेत. गॉसमर म्हणजे अगदी तलम कापड, टिपेट म्हणजे खांद्यावरून घ्यायची शाल किंवा पट्टा, ट्यूल म्हणजे रेशमाची बारीक जाळी. थंडीत शाल घेतली आणि ती जाळीची निघाली, असं ते दृश्य आहे. आजच्या मोबाइलमधल्या कोशात यातलं अर्धंच कळतं. डिकिन्सनच्या घरी वेब्स्टरचा 1844चा कोश होता आणि ती तो मन लावून वाचायची. त्या कोशाच्या आधारे ब्रिगहॅम यंग विद्यापीठाने ‘एमिली डिकिन्सन लेक्सिकन’ तयार केला आहे. तो मोफत आहे आणि तिने वापरलेला प्रत्येक शब्द त्यात तिच्या काळच्या अर्थासह सापडतो. प्रकल्पासाठी निवडलेल्या आठ-दहा कवितांतले सगळे अवघड शब्द आधी त्यात बघा, समासात पेन्सिलीने अर्थ लिहा. आठवडाभराचं काम आहे, पण नंतर समीक्षा वाचताना दमछाक होत नाही.

एक जुना, आता कुणी फारसा हात न लावणारा ग्रंथही सांगतो: एस. पी. रोझेनबॉम यांची 1964ची शब्दानुक्रमणी. संगणकाच्या सुरुवातीच्या काळात तयार झालेली ही जाडजूड सूची. ‘डेथ’ उघडलं की तो शब्द ज्या ज्या ओळीत आहे त्या सगळ्या ओळी, कवितेच्या जॉन्सन-क्रमांकासह. विषयावरच्या कविता निवडताना ती फार उपयोगी पडते. पण ती शब्द शोधते, विषय नाही. माशीच्या गुणगुणण्यावरची तिची प्रसिद्ध कविता मृत्यूशय्येवरची आहे, आणि तिच्यात ‘डेथ’ हा शब्दच नाही. म्हणून ‘डाय’, ‘डाइड’, ‘ग्रेव्ह’, ‘टूम’ हेही उघडा. सूचीचे क्रमांक जॉन्सनचे असल्यामुळे तुमच्याकडे फ्रँकलिन असेल तर कवितेच्या पहिल्या ओळीवरून तिथला क्रमांक शोधून बदलून घ्या. अशी गल्लत झालेले प्रकल्प परीक्षकांच्या टेबलावर दरवर्षी येतात: अवतरण फ्रँकलिनचं, क्रमांक जॉन्सनचा.

आता ज्यांना लोक ‘संदर्भग्रंथ’ म्हणतात ते. हे पहिल्या पानापासून वाचायचे नसतात, उघडून बघायचे असतात. जेम्स हार्ट यांचा ‘ऑक्सफर्ड कम्पॅनियन टू अमेरिकन लिटरेचर’ 1941 साली पहिल्यांदा निघाला, सहावी आवृत्ती 1995ची. लेखक, ग्रंथ, चळवळी, नियतकालिकं यांच्या नोंदी अकारविल्हे, प्रत्येकी काही ओळींपासून दोन-अडीच स्तंभांपर्यंत. मागच्या बाजूला साहित्य आणि समाजाचा कालपट शेजारी शेजारी आहे, तो मुद्दाम बघा. डिकिन्सनने सर्वाधिक कविता लिहिल्या तो काळ म्हणजे यादवी युद्धाची वर्षं, 1861 ते 1865. गाइडमध्ये तिला खोलीत कोंडलेली एकटी बाई म्हणून दाखवतात. तो कालपट बघितला की मृत्यू तेव्हा रोज वर्तमानपत्रात येत होता हे डोळ्यांसमोर येतं. मात्र कम्पॅनियनमधलं वाक्य ‘समीक्षकाचं मत’ म्हणून उद्धृत करू नका. तारीख, नाव, कथानक तपासायला तो आहे.

एका लेखकासाठी वेगळे कोश असतात. डिकिन्सनवर जेन एबरवाइन यांनी संपादलेला विश्वकोश आणि ‘द एमिली डिकिन्सन हँडबुक’ हे दोन्ही 1998चे. दोन्ही महाग, विद्यापीठाच्या ग्रंथालयात मिळाले तर बघा. तुम्ही सुरुवात करावी ती ‘केंब्रिज कम्पॅनियन टू एमिली डिकिन्सन’ने, वेंडी मार्टिन संपादित, 2002. नाव कम्पॅनियन असलं तरी हा कोश नाही, लेखसंग्रह आहे. एका बैठकीत वाचून होतील असे लेख आणि शेवटी पुढच्या वाचनाची निवडक यादी. ती निवडक यादी तुमच्या चाळीस पुस्तकांपेक्षा मोलाची, कारण ती डिकिन्सन जाणणाऱ्यांनी केलेली आहे. व्हिटमन, आर्थर मिलर, टोनी मॉरिसन यांच्यावरही याच मालिकेत खंड आहेत.

जोडीला हेलन वेंडलर यांचं 2010चं निवडक कवितांवरचं भाष्य मिळालं तर सोडू नका. कविता आणि लगेच खाली दोन-तीन पानांचं वाचन, अशी मांडणी आहे. कविता ओळीओळीने कशी वाचायची याचा याहून चांगला वस्तुपाठ नवख्याला मिळणं कठीण. चरित्र हवं असेल तर रिचर्ड सीवॉल यांचं 1974चं दोन खंडी. सगळं वाचू नका, मागच्या सूचीतून हवी तेवढी पानं.

साहित्याचा इतिहास एकच निवडा. तुमची इंग्रजी वाचनाची गती अजून कमी असेल तर पीटर हाय यांचं ‘ॲन आउटलाइन ऑफ अमेरिकन लिटरेचर’ (1986) घ्या, ते इंग्रजी शिकणाऱ्यांसाठीच सोप्या भाषेत लिहिलं आहे. कॅथरिन व्हॅनस्पँकेरेन यांचं जवळपास त्याच नावाचं पुस्तक अमेरिकी सरकारने काढलेलं, मोफत मिळतं. सुटसुटीत आहे, पण सरकारी प्रकाशन असल्याचा गुळमुळीतपणा त्यात जाणवतो. पेपरला ते चालेल, प्रकल्पाच्या संदर्भयादीत मिरवायला नको. त्याच्या वरची पायरी रिचर्ड ग्रे, दुसरी आवृत्ती 2011. आठशेहून अधिक पानांचं असल्यामुळे लागेल तेवढंच वाचा. सॅकव्हन बर्कोविच यांनी संपादलेला आठ खंडांचा केंब्रिज इतिहास (1994–2005) तुमच्या विद्यापीठात असेल तर चौथा खंड मागा, एकोणिसाव्या शतकातली कविता त्यात आहे.

जुन्या आवृत्त्या चालतात का, याचं उत्तर पुस्तकाच्या जातीवर अवलंबून आहे. तारखा, कथानकं, लेखकाचं मूळ लेखन यांना जुनी आवृत्ती बाधत नाही. निवड आणि मूल्यमापन मात्र शिळं होतं. रॉबर्ट स्पिलर प्रभृतींचा ‘लिटररी हिस्टरी ऑफ द युनायटेड स्टेट्स’ 1948चा. आपल्याकडच्या जुन्या महाविद्यालयांत तो धूळ खात असतो. तो वाचून अमेरिकन साहित्य म्हणजे मुख्यतः न्यू इंग्लंडच्या आसपासचे गोरे पुरुष असं वाटलं, तर दोष तुमचा नाही. कृष्णवर्णीय, आदिवासी, स्त्री लेखकांना जागा देण्यासाठी जी मोठी उलथापालथ झाली ती त्यानंतरची. 1990चं पॉल लॉटर संपादित ‘हीथ’ संकलन हा त्यातला ठळक टप्पा, आणि आफ्रिकन-अमेरिकन साहित्याचं नॉर्टन या प्रकाशनसंस्थेचं स्वतंत्र संकलन 1990 च्या दशकातलं. पेपरमध्ये मॉरिसन असेल तर स्पिलरकडे जाण्यात अर्थ नाही, त्या ग्रंथाच्या वेळी त्या शाळकरी वयाच्या होत्या.

नॉर्टनचा विषय निघालाच आहे. ‘नॉर्टन अँथॉलॉजी ऑफ अमेरिकन लिटरेचर’ 1979 पासून निघतं. अलीकडच्या आवृत्त्या ए ते ई अशा पाच खंडांत येतात. सेकंड हँड घेताना लोक हमखास चुकीचा खंड आणतात: डिकिन्सनसाठी बी बघा, 1820 ते 1865. ‘शॉर्टर’ लिहिलेली एकखंडी आवृत्ती स्वस्त असते, पण तीत कविता कमी असतात आणि नेमकी तुमच्या अभ्यासक्रमातली गळालेली असू शकते. अनुक्रमणिका उघडून अभ्यासक्रमाशी ताडल्याशिवाय पैसे देऊ नका. एक-दोन आवृत्त्या मागची प्रत घेतली तरी बिघडत नाही. नॉर्टनमध्ये कवितेवर दोन्ही क्रमांक दिलेले असतात आणि तळटिपा खास विद्यार्थ्यांसाठी असतात, म्हणून संपूर्ण कविता परवडत नसेल तर हा पर्याय. आपल्या महाविद्यालयांत युरेशिया प्रकाशनाची दोन जुनी संकलनंही दिसतात: एकोणिसाव्या शतकाचं फिशर आदींचं आणि 1890–1965चं एग्बर्ट ऑलिव्हर यांचं. भारतीय विद्यार्थ्यांसाठी काढलेली, निवड बरी. पेपरच्या तयारीला घ्या, अवतरणं मात्र नव्या संहितेशी ताडून.

समीक्षेचे लेख शोधायला बहुतेक जण गूगलमध्ये विषय टाकतात आणि पहिल्या पानावरच्या परीक्षोपयोगी टिपणांत अडकतात. त्याऐवजी ‘अमेरिकन लिटररी स्कॉलरशिप’ हे वार्षिक माहीत करून घ्या. 1963 सालच्या लेखनापासून सुरू झालेलं, ड्यूक विद्यापीठाचं. त्या त्या वर्षी अमेरिकन साहित्यावर काय लिहिलं गेलं याचा निबंधरूप आढावा, आणि त्यात ‘व्हिटमन अँड डिकिन्सन’ हे जोडप्रकरण. नुसती सूची नाही, लिहिणारा अभ्यासक अमुक लेख फसला आहे असंही सांगतो. दोन-तीन वर्षांचे खंड चाळलेत तर मृत्यू या विषयावरचे चार-पाच लेख हाती लागतील. प्रकल्पाला तेवढे पुरेत, पंधरा नकोत. ते जेस्टोर या शोधनियतकालिकांच्या संकेतस्थळावर शोधा. महाविद्यालयाची वर्गणी नसली तरी वैयक्तिक मोफत खात्यावर दरमहा ठरावीक लेख ऑनलाइन वाचता येतात. महाविद्यालयांना ई-पुस्तकं आणि ई-नियतकालिकं पुरवणाऱ्या इन्फ्लिबनेटच्या एन-लिस्ट योजनेचं खातं तुमच्या ग्रंथपालांकडे बहुधा असतं, विद्यार्थी मागत नाहीत म्हणून पासवर्ड तसेच पडून राहतात. ते मागाच. शोधगंगेवर डिकिन्सनवरचे भारतीय प्रबंधही सापडतील. त्यातली संदर्भयादी वापरा, वाक्यं उचलू नका. तपासणीच्या सॉफ्टवेअरमध्ये शोधगंगेचीच वाक्यं सर्वांत आधी पकडली जातात.

प्रत्येक लेखाची नोंद करताना लेखक, वर्ष, पान यांबरोबर एक रकाना वाढवा: याने कोणती संहिता वापरली? 1955 पूर्वीचा लेख असेल तर तिथे लाल खूण. टेट यांच्यासारखे जुने लेख तेव्हाही वापरता येतात, फक्त ‘टेट यांच्यासमोर चौथं कडवं नव्हतं’ हे तुम्ही लिहायचं. एवढं एक वाक्य तुमच्या प्रकल्पात आलं तर ते गाइडमधून आलेलं नाही हे कुणालाही कळेल.

गाइड फेकून द्या असं म्हणणार नाही. पेपरच्या आदल्या रात्री त्याचा उपयोग आहे. पण ‘एक समीक्षक म्हणतो’ असं बिननावाचं अवतरण ज्यात आहे ते प्रकल्पात येता कामा नये.

मराठी अनुवादांविषयी. मूळ वाचायची भीती घालवायला जरूर वाचा. हेमिंग्वेचा म्हातारा कोळी पुलंच्या ‘एका कोळियाने’मध्ये भेटतो, थोरोचं ‘वॉल्डन’ दुर्गा भागवतांनी मराठीत आणलं आहे. ‘वॉल्डन’चं पहिलं लांबलचक, हिशेबांनी भरलेलं प्रकरण इंग्रजीत अनेकांना अडवतं, तिथे दुर्गाबाईंचा हात धरला तर पार पडतं. परंतु इंग्रजीच्या पेपरात शैलीविषयी एक शब्दही अनुवादावरून लिहू नका. हेमिंग्वेची आखूड वाक्यं आणि पुलंची लय या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. डिकिन्सनच्या बाबतीत तर तिची आडवी रेघ मराठीत आणली तरी तिचा दम वेगळाच लागतो.

3,000 रुपयांचं असं करा. फ्रँकलिन किंवा जॉन्सन यांपैकी एक संहिता. एम. एच. एब्रम्स यांचा ‘ग्लॉसरी ऑफ लिटररी टर्म्स’ हा साहित्यसंज्ञांचा कोश, ज्याची भारतीय आवृत्ती सहज मिळते आणि सगळ्याच पेपरांना लागते. पैसे उरले तर नॉर्टनचा बी खंड जुन्या बाजारातून. ऑक्सफर्ड कम्पॅनियन, केंब्रिज खंड आणि इतिहास ग्रंथालयातून. संदर्भ आणि तळटिपा कशा लिहायच्या हे सांगणारं ‘एमएलए हँडबुक’ विकत घेऊ नका. आधी विभागात विचारा कोणती आवृत्ती चालते, कारण आठवी (2016) आणि नववी (2021) यांत फरक आहेत. मग लागणारी दोन-चार पानं ग्रंथालयात बघून उतरवून घ्या. डिकिन्सनच्या कवितेचं नाव म्हणून पहिली ओळच लिहायची आणि पुढे आद्याक्षरासह क्रमांक. प्रकल्पभर एकच पद्धत ठेवा आणि ती पहिल्याच तळटिपेत सांगून टाका.

नांदेडहून हैदराबाद फार लांब नाही, म्हणून शेवटचं एक. 1964 साली उस्मानिया विद्यापीठाच्या आवारात अमेरिकन स्टडीज रिसर्च सेंटर सुरू झालं. देशभरातल्या जुन्या प्रबंधांच्या ऋणनिर्देशात ‘एएसआरसी’ असा उल्लेख दिसतो तो त्याचाच. नावं बदलत ते आता उस्मानियाचं आंतरराष्ट्रीय कार्यक्रमांचं केंद्र झालं आहे. अमेरिकन साहित्याचा तिथला संग्रह देशातल्या मोठ्या संग्रहांपैकी. जाण्याआधी फोन करून बाहेरच्या विद्यार्थ्यांसाठीचे नियम आणि वेळ विचारा. प्राचार्यांचं पत्र, ओळखपत्र आणि हव्या असलेल्या ग्रंथांची दहा नावांची यादी बरोबर ठेवा. रिकाम्या हाताने गेलात तर कपाटं बघण्यातच दिवस जाईल. आणि झेरॉक्स काढताना लेखाच्या आधी पुस्तकाचं शीर्षकपान आणि त्याच्या मागचं, आवृत्ती व साल छापलेलं पान काढा. ते राहिलं की परत आल्यावर कोणती आवृत्ती होती हे आठवत नाही, आणि त्या एका ओळीसाठी पुन्हा हैदराबादचं तिकीट काढावं लागतं.